निकी लाउडा : एका गुणाने हरलेला, अर्ध्या गुणाने जिंकलेला

परीक्षेत एका गुणाने नंबर हुकला की तो गुण आपण वर्षभर विसरत नाही. कुठे गेला, कोणत्या प्रश्नात गेला, हे झोपेतसुद्धा सांगता येतं. आज ज्याची ओळख करून घ्यायची आहे त्या माणसाचं जगज्जेतेपद 1976 साली एका गुणाने गेलं. आठ वर्षांनी, 1984 मध्ये, त्याने ते अर्ध्या गुणाने मिळवलं. या दोन्हींच्या मध्ये तो एकदा मरणाच्या दारातून परत आला होता, एकदा निवृत्त झाला होता आणि स्वतःची विमान कंपनी काढून बसला होता. त्याचं नाव निकी लाउडा. पूर्ण नाव आंद्रेआस निकोलाउस लाउडा. फॉर्म्युला वन शर्यतींचा तीन वेळचा विश्वविजेता : 1975, 1977 आणि 1984.

आधी थोडी तयारी करू, म्हणजे पुढचं समजायला सोपं जाईल. फॉर्म्युला वन म्हणजे एकाच माणसाला बसता येईल अशा, चाकं उघडी असलेल्या अतिवेगवान गाड्यांची शर्यत. वर्षभरात वेगवेगळ्या देशांत या शर्यती होतात. प्रत्येक शर्यतीला ‘ग्रां प्री’ म्हणतात. लाउडाच्या काळात पहिल्या सहा जणांना गुण मिळत : पहिल्याला 9, दुसऱ्याला 6, मग 4, 3, 2 आणि सहाव्याला 1. सातव्याला काहीच नाही. वर्षअखेर ज्याचे गुण जास्त तो विश्वविजेता. शर्यतीच्या आधी सराव होतो, त्यात ज्याची एक फेरी सगळ्यात कमी वेळात पूर्ण होते तो सर्वांत पुढे उभा राहून सुरुवात करतो. त्या जागेला ‘पोल पोझिशन’ म्हणतात. एवढं लक्षात ठेवा, बाकीचं ओघात येईल.

श्रीमंत घरातला कर्जबाजारी मुलगा

लाउडाचा जन्म 22 फेब्रुवारी 1949 चा, ऑस्ट्रियाची राजधानी व्हिएन्ना इथला. घर गडगंज. आजोबा हान्स लाउडा हे देशातले बडे उद्योगपती. घरच्यांची अपेक्षा सरळ होती : मुलाने शिकावं, धंद्यात पडावं, घराण्याचं नाव राखावं. मुलाचं डोकं मात्र गाड्यांत. 1968 मध्ये एका छोट्या मिनी गाडीतून घाटरस्त्याच्या शर्यतीत त्याने सुरुवात केली. घरातून एक पैसा मिळणार नाही हे लवकरच स्पष्ट झालं.

मग त्याने काय केलं? बँकेत गेला. आयुर्विम्याची पॉलिसी तारण ठेवून कर्ज काढलं आणि त्या पैशांतून मार्च नावाच्या संघात गाडी चालवण्याची जागा अक्षरशः विकत घेतली. मुलांनो, यातली गोम ओळखा. विमा कशाचा? तर तो मेल्यावर पैसे मिळण्याचा. म्हणजे बँकेच्या हिशेबात हा मुलगा जिंकला तरी कर्ज फिटणार होतं, आणि मेला तरी फिटणार होतं. पुढे एका बँकेने त्याला प्रायोजक म्हणून पैसे द्यायचं कबूल केलं, तर तिथल्या संचालक मंडळावर असलेल्या आजोबांनी ते होऊ दिलं नाही. त्यानंतर नातवाने आजोबांशी बोलणंच टाकलं.

1971 मध्ये ऑस्ट्रियाच्याच ग्रां प्रीत त्याने फॉर्म्युला वनमध्ये पदार्पण केलं. ती शर्यत पूर्णही झाली नाही. पुढचं वर्ष मार्चच्या वाईट गाडीत वाया गेलं. मग आणखी कर्ज, आणि 1973 मध्ये बीआरएम संघात प्रवेश. हा संघसुद्धा उतरणीला लागलेला होता. पण मोनॅकोच्या अरुंद रस्त्यांवर, जिथे इंजिनाच्या ताकदीपेक्षा चालवणाऱ्याच्या हाताला जास्त महत्त्व असतं, तिथे तो या मागे पडलेल्या गाडीतून तिसऱ्या क्रमांकावर पळत होता. गाडी शेवटी बंद पडली, पण ज्यांनी पाहायचं त्यांनी पाहिलं होतं. त्याच संघातला क्ले रेगाझोनी पुढच्या वर्षी फेरारीकडे परत निघाला होता. या पोराला घ्या, असं त्याने फेरारीत सांगितलं. एका चालकाने दुसऱ्याची शिफारस करावी, तीही आपल्याच शेजारी बसणाऱ्याची, ही गोष्ट या खेळात फारशी घडत नाही.

फेरारीतली शाळा

फेरारी हे नाव आज मोठं वाटतं, पण 1974 मध्ये त्यांची अवस्था बिकट होती. 1964 नंतर त्यांच्या एकाही चालकाला विश्वविजेतेपद मिळालं नव्हतं. संस्थापक एन्झो फेरारी हे इटलीत देवासमान मानले जात. त्यांच्यासमोर त्यांच्या गाडीला नाव ठेवायची कुणाची छाती नव्हती. पंचविशीतल्या लाउडाने पहिल्याच चाचणीनंतर त्यांना तोंडावर सांगितलं की गाडी चांगली नाही, ती नीट वळत नाही. दुभाषाचं काम करणारा एन्झो यांचा मुलगा पिएरो हे वडिलांना सांगायलाच धजेना, असा किस्सा लाउडा पुढे रंगवून सांगत असे.

बोलून तो थांबला नाही, हे महत्त्वाचं. फेरारीचा फिओरानो इथे स्वतःचा चाचणी मार्ग होता. लाउडा तिथे दिवसेंदिवस गाडी चालवत राहिला. एक बदल करायचा, फेरी मारायची, वेळ लिहायची. पुन्हा बदल, पुन्हा फेरी. मुख्य अभियंता माउरो फोर्गिएरी आणि तो मिळून गाडी घडवत होते. वृत्तपत्रांनी त्याला ‘कॉम्प्युटर’ असं नाव ठेवलं ते यासाठीच. प्रेक्षकांना तो थोडा रुक्ष वाटे. पण 1974 मध्ये 15 पैकी 9 शर्यतींत त्याने पोल पोझिशन घेतली आणि स्पेनमध्ये आपली पहिली शर्यत जिंकली.

1975 ची फेरारी 312टी ही गाडी विज्ञानाच्या तासाला सांगण्यासारखी आहे. तिचा गिअरबॉक्स नेहमीसारखा लांबीच्या दिशेने मागे न ठेवता आडवा, मागच्या आसाच्या पुढे बसवला होता. याने काय साधलं? वजन गाडीच्या मध्याकडे आलं. एक प्रयोग करा. खांद्यावर लांब शिडी घेऊन अरुंद बोळात पटकन वळून पाहा. शिडी आपल्याला ओढत नेते, थांबायचं तिथे थांबू देत नाही. आता तेवढ्याच वजनाचं गाठोडं पोटाशी धरून वळा. किती सोपं जातं! वजन तेच, पण ते मध्यापासून किती लांब आहे यावर वळणं अवलंबून असतं. पुढच्या इयत्तांत याला ‘जडत्व आघूर्ण’ असं नाव मिळेल. नाव विसरलात तरी चालेल, शिडी विसरू नका.

त्या वर्षी लाउडाने पाच शर्यती जिंकल्या आणि तो विश्वविजेता झाला. शिवाय जर्मनीतल्या न्यूर्बुर्गरिंगच्या जुन्या मार्गावर सात मिनिटांच्या आत फेरी मारणारा तो पहिला चालक ठरला : 6 मिनिटे 58.6 सेकंद. हा मार्ग लक्षात ठेवा, आपण तिथेच चाललो आहोत.

1 ऑगस्ट 1976

न्यूर्बुर्गरिंग हा डोंगर आणि जंगलातून जाणारा मार्ग. एक फेरी जवळजवळ 22.8 किलोमीटरची. आजचे मार्ग साधारण पाच-सहा किलोमीटरचे असतात, म्हणजे हा त्यांच्या चौपट. दीडशेच्या वर वळणं. एका टोकाला पाऊस आणि दुसऱ्या टोकाला ऊन, असं तिथे नेहमी व्हायचं. अपघात झालाच तर मदतीची गाडी पोहोचणार कधी? रस्त्यालगत माणसं तरी किती उभी करणार?

हा प्रश्न लाउडानेच विचारला होता. शर्यतीच्या आधी चालकांच्या बैठकीत त्याने इथे शर्यत न करण्याचा प्रस्ताव मांडला. मतदान झालं आणि एका मताने प्रस्ताव पडला. (या माणसाच्या आयुष्यात हा ‘एक’ आकडा किती वेळा येतो ते मोजत राहा.) सगळ्यात वेगवान फेरी ज्याच्या नावावर तोच हा मार्ग धोकादायक आहे म्हणत होता, त्यामुळे त्याला भीती वाटते असं म्हणणं खरं तर कठीण होतं. तरी काहींनी म्हटलंच.

शर्यत सुरू झाली तेव्हा रस्ता ओला होता. पहिल्या फेरीनंतर लाउडाने कोरड्या रस्त्याचे टायर लावून घेतले. दुसऱ्या फेरीत बेर्गवेर्क नावाच्या वळणाच्या थोडं आधी त्याची गाडी अचानक उजवीकडे फेकली गेली, कठड्यावर आपटली, पेटली आणि परत रस्त्याच्या मध्यावर आली. मागून येणाऱ्या ब्रेट लंगरची गाडी तिच्यावर आदळली. नेमकं काय मोडलं यावर आजही वाद आहे, गाडीच्या मागच्या भागात काही तुटलं असावं असं बरेच जण मानतात.

जवळ अग्निशमनाची पुरेशी सोय नव्हती. त्याला बाहेर काढलं ते मागून आलेल्या चालकांनीच : लंगर, गाय एडवर्ड्स, हाराल्ड एर्टल आणि आर्तुरो मेर्झारिओ. ही नावं मुद्दाम देतो, कारण गोष्ट सांगताना ती बहुतेकदा गाळली जातात. शर्यत सोडून ते आगीत घुसले. पट्टा सोडवला तो मेर्झारिओने. लाउडा जवळजवळ मिनिटभर ज्वाळांत होता. धडकेत त्याचं हेल्मेट जागेवरून सरकलं होतं, त्यामुळे डोकं आणि चेहरा भाजला.

पण जिवावर बेतलं ते चेहऱ्यामुळे नव्हे. जळणाऱ्या गाडीतला विषारी, तापलेला धूर त्याने श्वासातून आत घेतला होता. आपल्या फुफ्फुसांत लक्षावधी वायुकोश असतात. त्यांच्या पातळ पडद्यातून ऑक्सिजन रक्तात जातो. हा पडदाच पोळला तर माणूस हवा आत घेतो, पण ती रक्तापर्यंत पोहोचत नाही. मानहाइमच्या रुग्णालयात त्याची अवस्था इतकी खालावली की धर्मगुरूला बोलावून अंत्यसमयीचा ख्रिस्ती विधीही करण्यात आला. शुद्धीवर असलेल्या लाउडाला ते ऐकू येत होतं. आपल्याला सोडून देत आहेत हे कळल्यावर आपण आवाजांकडे लक्ष लावून मेंदू जागा ठेवला, असं तो नंतर सांगत असे.

बेचाळीस दिवस

1 ऑगस्टला अपघात. 12 सप्टेंबरला इटलीतल्या मोंझा इथे लाउडा पुन्हा गाडीत बसला. बोटांवर मोजा : बरोबर 42 दिवस. उजव्या कानाचा बराचसा भाग गेलेला, पापण्यांच्या जागी त्वचारोपण, डोक्याला बांधलेल्या पट्ट्या रक्ताने भिजत होत्या. फेरारीने त्याच्या जागी कार्लोस रॉयटेमान या चालकाला घेऊन ठेवलं होतं, त्यामुळे मोंझात त्यांना तीन गाड्या उतरवाव्या लागल्या.

इथे बहुतेक लेखांत ‘त्याने भीतीवर मात केली’ असं एक वाक्य येतं आणि लेखक पुढे सरकतो. लाउडाने स्वतः सांगितलेली हकिगत वेगळी आहे. सरावाच्या पहिल्या दिवशी गाडीत बसल्यावर त्याचे हातपाय गळाले. आपण हे करूच शकणार नाही असं त्याला वाटलं. तो खोलीवर परतला आणि चूक काय झाली याचा त्याने विचार केला. आपण अपघाताआधीच्या वेगाने जायचा प्रयत्न करतोय, ही चूक होती. दुसऱ्या दिवशी त्याने ठरवलं : जणू पहिल्यांदाच गाडी चालवतोय अशी सुरुवात करायची. हळू निघायचं, घड्याळाकडे बघायचं नाही. शर्यतीत तो चौथा आला. गणिताचा पेपर कोरा दिसू लागल्यावर आधी येणारं एक उदाहरण सोडवावं, तसलाच हा प्रकार.

आता गुणांचं पाहू. अपघाताच्या वेळी लाउडा फार पुढे होता, आणि त्याचा प्रतिस्पर्धी होता मॅक्लारेन संघाचा इंग्रज चालक जेम्स हंट. दोघे मित्र होते, उमेदवारीच्या काळात एकमेकांच्या ओळखीचे. हंट मनमौजी, लाउडा हिशेबी. लाउडा रुग्णालयात असताना आणि परत आल्यानंतर हंटने झपाटा लावला : जर्मनी, हॉलंड, कॅनडा, अमेरिका अशा चार शर्यती जिंकल्या. ब्रिटनची शर्यतही तो जिंकला होता, पण नियमभंगावरून ती त्याच्याकडून काढून लाउडाला देण्यात आली. जपानमधली शेवटची शर्यत उरली तेव्हा लाउडा 68, हंट 65.

फुजी

24 ऑक्टोबर 1976. फुजी पर्वताच्या पायथ्याशी मुसळधार पाऊस, धुकं, रस्त्यावर पाण्याचे ओहोळ. सुरुवात बराच वेळ लांबली. असल्या पावसात गाडी चालवणं शहाणपणाचं नाही यावर बहुतेक चालकांचं एकमत होतं. शेवटी संध्याकाळ होण्याआधी उरकायचं म्हणून शर्यत सुरू झालीच.

पावसात टायरखाली पाण्याचा थर साचतो. वेग वाढला की टायरला तो बाजूला सारता येत नाही आणि गाडी रस्त्यावर न चालता पाण्यावर तरंगू लागते. स्टिअरिंग फिरवा, ब्रेक दाबा, काही होत नाही. आपल्याकडे पावसाळ्यात हायवेवर गाड्या अशाच घसरतात. त्यात लाउडाच्या भाजलेल्या पापण्या आणि अश्रुग्रंथी नीट काम करत नव्हत्या, त्याला धड डोळे मिचकावता येत नव्हते. पुढच्या गाडीच्या फवाऱ्यात तो जवळजवळ आंधळा होता.

दोन फेऱ्यांनंतर तो गाडी घेऊन आत आला आणि उतरला. विश्वविजेतेपद समोर होतं, तीन गुणांची आघाडी होती. तो म्हणाला, हे वेडेपणाचं आहे, मी चालवणार नाही. फोर्गिएरीने त्याला वाट काढून दिली होती : इंजिन बिघडलं असं सांगू. लाउडाने नकार दिला. गाडी ठीक आहे, मी थांबलोय, असंच सांगा.

वर्गात हा प्रसंग सांगितला की हमखास दोन तट पडतात. एक गट म्हणतो, घाबरला. दुसरा म्हणतो, शहाणा. मला वाटतं, या भांडणात ते इंजिनाचं खोटं विसरलं जातं. गाडीतून उतरायला जेवढं धाडस लागलं असेल, त्याहून जास्त धाडस ‘इंजिन ठीक आहे’ म्हणायला लागलं असणार. खोटं बोलला असता तर इटलीतल्या वर्तमानपत्रांनी त्याला दुर्दैवी नायक केलं असतं. खरं बोलला म्हणून भित्रा ठरवलं. आणि हेही सांगायला हवं की त्या दिवशी थांबणारा तो एकटाच नव्हता. दोन वेळचा विश्वविजेता एमर्सन फिटिपाल्डी आणि कार्लोस पासे या ब्राझीलच्या चालकांनीही माघार घेतली होती. त्यांना कुणी भित्रं म्हटलं नाही, कारण त्यांचं काही पणाला लागलेलं नव्हतं.

पुढे पाऊस थांबला, रस्ता वाळू लागला. हंटचा टायर शेवटच्या टप्प्यात फुटला, तो मागे पडला, पुन्हा दोघांना ओलांडून तिसरा आला. तिसऱ्याला 4 गुण. हंट 69, लाउडा 68. आपण विश्वविजेता झालो हे हंटला गाडीतून उतरेपर्यंत माहीत नव्हतं. लाउडा तोवर विमानतळाच्या वाटेला लागला होता.

फेरारीशी संबंध यानंतर बिघडले. या माणसाची धार गेली, असं तिथल्या मंडळींना वाटू लागलं. लाउडाने 1977 मध्ये त्यांच्याच गाडीत पुन्हा विश्वविजेतेपद मिळवलं आणि ते पक्कं होताच मोसमातल्या दोन शर्यती शिल्लक असताना नोकरी सोडली. उत्तर देण्याची ही पद्धत मला तरी फार आवडते.

अर्धा गुण

नंतरची दोन वर्षं तो ब्रॅबम संघात होता. तिथला एक किस्सा सांगून पुढे जाऊ. 1978 मध्ये गॉर्डन मरे या अभियंत्याने गाडीच्या मागे मोठा पंखा बसवला. तो गाडीखालची हवा ओढून घेई, त्यामुळे गाडी रस्त्याला चिकटून बसे. लाउडाने ती गाडी घेऊन स्वीडनची शर्यत जिंकली, आणि एवढा गदारोळ झाला की ती गाडी पुन्हा कधी शर्यतीत उतरली नाही. शंभर टक्के यश, एकच शर्यत!

1979 मध्ये कॅनडातल्या सरावाच्या मध्येच तो गाडीतून उतरला. गोल गोल फिरायचा कंटाळा आला, असं कारण. घरी जाऊन त्याने ‘लाउडा एअर’ ही विमान कंपनी सुरू केली. तो स्वतः परवानाधारक वैमानिक होता. विमान कंपनीला पैसा लागतो, आणि शर्यतीची ओढही पुरती गेलेली नव्हती. 1982 मध्ये मॅक्लारेनने बोलावलं आणि तो परतला. परतल्यावर तिसरीच शर्यत त्याने जिंकली.

1984 मध्ये त्याच्या संघात एक तरुण फ्रेंच चालक आला : अलें प्रोस्त. दोघांना एकसारख्या गाड्या. सरावात प्रोस्त जवळजवळ दर वेळी पुढे. त्या अख्ख्या वर्षात लाउडाने एकदाही पोल पोझिशन मिळवली नाही. पस्तिशीच्या लाउडाला कळून चुकलं होतं की एका फेरीच्या वेगात आपण या मुलाला गाठू शकत नाही. मग त्याने सरावात एका फेरीमागे धावणं सोडलं आणि गाडी शर्यतीसाठी जुळवण्यावर भर दिला. त्या वर्षी नियमच असा होता की पूर्ण शर्यतीला 220 लिटरच इंधन, मध्ये भरायचं नाही. जपून चालवणाऱ्याला फायदा. प्रोस्तने सात शर्यती जिंकल्या, लाउडाने पाच, पण उरलेल्या शर्यतींत तो दुसरा, दुसरा, दुसरा येत राहिला. ऑस्ट्रियाच्या शर्यतीत तर गिअर निकामी झाल्यावर हात वर करून तो थांबायला निघाला होता. मग बाकीचे गिअर चालतात हे लक्षात आल्यावर तसाच रेटत राहिला. मागून येणाऱ्या नेल्सन पिकेला वाटलं, लाउडा मुद्दाम आरामात चालवतोय. त्याने पाठलागच केला नाही. आपल्या घरची शर्यत लाउडाने अशी जिंकली.

शेवटची शर्यत पोर्तुगालमधल्या एश्तोरिलची. लाउडा 66, प्रोस्त 62.5. प्रोस्त पहिला आला तर 71.5. म्हणजे लाउडाला दुसरा क्रमांक हवाच, तिसरा चालणार नाही. लाउडा सुरुवातीला उभा कुठे? अकराव्या स्थानावर. एकेकाला मागे टाकत तो तिसरा झाला आणि तिथे अडकला. दुसऱ्या क्रमांकावरचा नायजेल मॅन्सेल बराच पुढे होता. मग मॅन्सेलचे ब्रेक गेले. लाउडा दुसरा, 6 गुण, एकूण 72. प्रोस्त 71.5. फॉर्म्युला वनच्या इतिहासात इतक्या कमी फरकाने विश्वविजेतेपद कधीच ठरलेलं नाही.

पण हा अर्धा गुण आला कुठून? 9, 6, 4, 3, 2, 1 यांत अर्धा नाहीच. त्याचं उत्तर जून महिन्यातल्या मोनॅकोत आहे. तिथे पावसामुळे शर्यत निम्म्याहूनही आधी थांबवावी लागली. नियमाप्रमाणे सगळ्यांना अर्धे गुण. पहिला आलेल्या प्रोस्तला 9 ऐवजी 4.5. शर्यत थांबवा, असे हातवारे प्रोस्त स्वतःच करत होता आणि मागून आयर्तन सेना नावाचा नवखा चालक त्याला झपाट्याने गाठत होता. आता वहीत मांडून पाहा. शर्यत पूर्ण झाली असती आणि सेनाने प्रोस्तला मागे टाकलं असतं, तरी दुसऱ्या क्रमांकाचे पूर्ण 6 गुण प्रोस्तला मिळाले असते. म्हणजे एकूण 73. लाउडा त्या शर्यतीतून आधीच बाद झाला होता, त्याचे 72 तसेच राहिले असते. त्या दिवशी जिंकण्याऐवजी हरला असता तर प्रोस्त विश्वविजेता झाला असता! फुजीच्या पावसाने लाउडाचं नेलं आणि मोनॅकोच्या पावसाने परत दिलं.

दोनशे तेवीस माणसं

1985 अखेर तो कायमचा निवृत्त झाला. 25 विजय, 24 पोल पोझिशन, तीन विश्वविजेतेपदं. बरेचसे लेख इथे संपतात. मला मात्र पुढचा भाग सांगितल्याशिवाय हा माणूस पुरा कळला असं वाटत नाही.

26 मे 1991 रोजी बँकॉकहून व्हिएन्नाला निघालेलं लाउडा एअरचं बोइंग 767 उड्डाणानंतर साधारण पंधरा मिनिटांनी थायलंडच्या जंगलात कोसळलं. विमानातली सर्व 223 माणसं गेली. लाउडा स्वतः तिथे गेला, अवशेषांतून फिरला. शर्यतीत जीव गेला असता तर तो माझा मी पत्करलेला धोका होता, पण तिकीट काढून विमानात बसलेल्या माणसाने कसलाही धोका पत्करलेला नसतो, अशा अर्थाचं तो पुढे अनेकदा बोलला. चूक आपली असेल तर विमानाचा धंदा बंद करायचा, हे त्याने ठरवलं होतं.

कारण शोधताना संशय गेला ‘थ्रस्ट रिव्हर्सर’वर. विमान उतरल्यावर इंजिनातून मागे जाणारा हवेचा झोत या यंत्रणेने पुढच्या बाजूला वळवला जातो, म्हणजे विमान लवकर थांबतं. हवेत ती उघडणं अपेक्षितच नाही. त्या रात्री डाव्या इंजिनाची ती यंत्रणा विमान वर चढत असताना उघडली होती. तरी वैमानिकांना विमान सावरता यायला हवं होतं, असं कंपनीच्या पूर्वीच्या चाचण्यांवरून मानलं जात होतं. लाउडाने स्वतः सिम्युलेटरमध्ये, म्हणजे जमिनीवरच्या हुबेहूब यंत्रात बसून, तीच परिस्थिती पुन्हा पुन्हा उभी करून पाहिली. विमान सावरेना. मग त्याने बोइंगला सांगितलं : इतकी खात्री आहे ना, मग खऱ्या विमानात मी बसतो, हवेत ती यंत्रणा उघडून दाखवा. कुणी तयार झालं नाही. त्या वेगाला आणि उंचीला विमान सावरणं वैमानिकांच्या हाती नव्हतं, हे अखेर मान्य झालं, आणि यंत्रणेला जादा कुलूप बसवण्यात आलं.

फिओरानोत एक बदल, एक फेरी, एक नोंद करणारा तरुण आणि सिम्युलेटरमध्ये पुन्हा पुन्हा बसणारा हा बेचाळीस वर्षांचा माणूस एकच आहे.

उरलेलं थोडक्यात. चेहऱ्यावरचे व्रण त्याने कधी लपवले नाहीत. डोळे नीट मिटावेत एवढ्यापुरतीच शस्त्रक्रिया करून घेतली. डोक्यावर कायम लाल टोपी, आणि त्या टोपीवरची जाहिरातीची जागाही त्याने पैसे घेऊन विकली. हिशेबी तो हिशेबीच. जिंकलेले चषक त्याने जवळच्या गॅरेजला दिले आणि बदल्यात गाडी फुकट धुऊन घेतली, असं तो हसत सांगे. 1997 मध्ये भावाने त्याला मूत्रपिंड दिलं, 2005 मध्ये पुन्हा एकदा प्रत्यारोपण झालं, या वेळी देणारी होती पुढे त्याची पत्नी झालेली बिर्गिट. 2012 पासून तो मर्सिडीज संघाचा अध्यक्ष होता. लुईस हॅमिल्टनला त्या संघात आणण्यात त्याचा मोठा वाटा होता. 2018 मध्ये फुफ्फुसाचं प्रत्यारोपण झालं. 20 मे 2019 रोजी, वयाच्या सत्तराव्या वर्षी तो गेला. व्हिएन्नाच्या सेंट स्टीफन कॅथेड्रलमध्ये त्याला निरोप दिला तेव्हा अंगावर शर्यतीचाच पोशाख होता. त्याच आठवड्यात मोनॅकोत हॅमिल्टन लाउडाच्या हेल्मेटसारखं रंगवलेलं हेल्मेट घालून जिंकला.

स्वाध्याय

1976 चा हिशेब वहीत मांडा. फुजीच्या आधी लाउडा 68, हंट 65. हंट तिसरा आला हे कायम धरा. गुण सारखे झाले तर ज्याने जास्त शर्यती जिंकल्या तो विजेता, असा नियम आहे, आणि त्या वर्षी हंटच्या नावावर 6 विजय होते, लाउडाच्या नावावर 5. मग लाउडाला फुजीत किमान कितवं यायला हवं होतं? सहावा क्रमांक पुरला असता का? उत्तर आकड्यांत द्या, आणि त्याखाली चार-पाच ओळींत लिहा : त्या पावसात, दुसऱ्या फेरीनंतर, तुम्ही गाडीत असता तर काय केलं असतं, आणि बाहेर आल्यावर पत्रकारांना कारण काय सांगितलं असतं?